अकरा नंबरचा प्लॉट

सिंगापूरमधल्या बुकित बातोकच्या नवव्या मजल्यावरच्या आमच्या घरात सकाळ कोकिळेमुळे व्हायची. पुण्यात कोकिळा ऐकू आली की माणसं कौतुकाने खिडकीशी जातात. इथे ती उजाडायच्या आधीपासून बिघडलेल्या गजरासारखी ओरडत सुटायची आणि ब्लॉकमधले लोक लिफ्टमध्ये एकमेकांना तिच्या तक्रारी सांगायचे. मग लांबून एमआरटी रेल्वेची घरघर सुरू व्हायची, आणि मग स्वयंपाकघरात बाबांचा मिक्सर. आमच्या घरात मिक्सर बाबांचा होता. हे आधी सांगायला हवं, कारण पुण्याहून नातेवाइकांचा फोन आला की पहिला प्रश्न तोच असायचा, "मग, सुधीरराव काय करतात दिवसभर?" बाबा पिंपरीला एका कारखान्यात डिझाइनला होते. आईला सिंगापूरच्या विद्यापीठात संशोधनाची जागा मिळाली तेव्हा नोकरी सोडून तिच्याबरोबर आले. एम्प्लॉयमेंट पास, म्हणजे तिथे राहून काम करायचा परवाना, आईचा, आणि आम्ही दोघं तिच्या पासवर, डिपेंडंट. बाबा हे कोणालाही हसत सांगायचे. पण आईचा करार संपायची वेळ जवळ आली की त्यांचं हसणं थोडं आखडायचं, हे मला तेव्हाही कळायचं.

स्वयंपाक त्यांनी नवा कारखाना उभारावा तसा हातात घेतला होता. दर रविवारी सकाळी ते गाडी बदलून लिटिल इंडियाला जायचे आणि दोन्ही खांद्यांवर पिशव्या अडकवून परत यायचे. मेथी, कढीलिंब, ज्वारीचं पीठ, नशीब असेल तर सुरती पापडी. मेथी मिळाली नाही तर खालच्या बाजारातल्या काय लान नावाच्या चिनी पालेभाजीचं थालीपीठ व्हायचं, आणि खरं सांगायचं तर ते फार चांगलं लागायचं. खालच्या कॉफीवाल्याकडे 'कोपी सिउ दाई' म्हटलं की कमी साखरेची कॉफी मिळते, हे त्यांना पहिल्याच महिन्यात समजलं होतं, आणि ते शब्द ते अशा थाटात म्हणायचे की कॉफीवाले काका रोज नव्याने हसायचे.

आई जंगलावर काम करायची. तिच्या प्रयोगशाळेतले बाकीचे लोक खरोखरच्या जंगलात जायचे, अंगावर जळवा आणि डासांचे फोड घेऊन परत यायचे. आईच्या वाट्याला मात्र पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाचं जंगल आलं होतं. उत्तर अमेरिकेच्या थंड भागातलं, हिवाळ्यात पानं गाळणाऱ्या टणक लाकडाच्या झाडांचं. मेपल, बर्च आणि बीच. बीच म्हटल्यावर बाबा पहिले काही महिने समुद्रकिनाराच समजत होते. ते जंगल आईने कधीच पाहिलं नव्हतं. विद्यापीठातल्या तिच्या खोलीत एसी इतका कडक असायचा की ती शाल घेऊन बसायची. तिथल्या थंडीशी तिचा संबंध तेवढाच. पण त्या जंगलाचे तेरा तुकडे आखलेले होते, ज्यांना ती प्लॉट म्हणायची, आणि त्या प्लॉटमधल्या प्रत्येक झाडाला एक नंबर होता, पत्र्याच्या चकतीवर ठोकलेला. आईला ती झाडं नंबराने ओळखीची होती. जेवताना मध्येच म्हणायची, "आज तीनशे चार गेलं बघा. वीज पडली म्हणे." बाबा घास हातात धरून हळहळायचे. "पुण्यात एक प्लॉट घेणं जमलं नाही," ते म्हणायचे, "आणि हिच्या नावावर तिकडे तेरा."

त्या जंगलाचं काम कसं चालतं ते आईने मला एकदा भाजी निवडताना समजावून सांगितलं होतं. सगळं जंगल एकदम कधीच तोडायचं नाही. दर बारा-पंधरा वर्षांनी एक माणूस हातात रंगाचा डबा घेऊन आत हिंडतो. काही मोठी झाडं, काही वाकडी, काही रोगट, अशी निवडून त्यांच्या बुंध्यावर खूण करतो. तेवढीच जातात. मग वरून ऊन खाली येतं आणि सावलीत ताटकळलेली पोरं वाढायला लागतात. "पोरं म्हणजे किती लहान?" मी विचारलं. आईने आपलं मनगट पुढे केलं. "एवढं जाड मेपल असतं ना, ते चाळीस वर्षांचंही असू शकतं. वाट बघत उभं असतं." किती काढली तर उरलेली चांगली वाढतात, किती काढली तर उरलेल्यांनाच ते सोसत नाही, हा आईचा प्रश्न होता. ज्याने खूण केली त्याला त्याचं उत्तर बहुधा बघायला मिळत नाही. म्हणून दर पाच वर्षांनी प्रत्येक झाडाची जाडी छातीच्या उंचीवर मोजायची, कागदावर लिहून ठेवायची आणि पुढच्या माणसाला द्यायची. असं तिथे तीन पिढ्या चाललं होतं.

मी सोळा वर्षांची होते. दहावीसारखी तिथली मोठी परीक्षा नुकतीच संपली होती आणि वर्षअखेरीची लांब सुट्टी होती. रोज दुपारी आभाळ काळं व्हायचं, धो धो पडायचं आणि तासाभरात फरशा वाळायच्या. आईच्या प्रयोगशाळेतली नोंदी भरणारी मुलगी काम सोडून गेली होती, नवीन कोणी मिळत नव्हतं आणि आईला जानेवारीच्या आत जुन्या कागदांचे आकडे कॉम्प्युटरवर हवे होते. "सुट्टीत बसून करशील का?" तिने विचारलं. तिने असं विचारायला नको होतं, हे ती पुढे स्वतःच म्हणाली. मी तिथल्या पोरांसारखं 'कॅन, कॅन', म्हणजे 'हो, जमेल', म्हणत मान हलवली.

पहिले काही दिवस मला ते काम आवडलं, हे खोटं नाही. कागदांचे फोटो होते, पेन्सिलीने लिहिलेले, आणि आकड्यांच्या शेजारी शेऱ्यांची एक बारीक रांग. 'अस्वलाने ओरबाडलं.' 'बर्फाने शेंडा मोडला.' 'चकती झाडाने गिळली, नवीन ठोकली.' मी ते बाबांना वाचून दाखवायचे. पण दहा प्लॉट झाल्यावर शेऱ्यांचं कौतुक संपलं. गुरुवारी दुपारी मैत्रिणी सिनेमाला निघाल्या होत्या आणि माझ्यापुढे अकराव्या प्लॉटची शेवटची मोजणी होती, एकोणीस पानं. पहिली दोन पानं उघडली तर पेन्सिल पुसट, कागदावर ओलीचे डाग, अक्षर तर कोंबडीच्या पायासारखं. आधीच्या मोजणीचे आकडे बाजूच्या रकान्यात भरलेलेच होते. झाडं पाच वर्षांत साधारण किती वाढतात हे मला एव्हाना पाठ झालं होतं. मी पानं मिटली आणि आधीच्या आकड्यांत थोडं थोडं मिळवत खाली गेले. मेपलला जरा जास्त, बीचला कमी, एखादं झाड जागच्या जागी. खरं दिसावं म्हणून मी त्यात बरीच कल्पकता लढवली. पाऊण तासात काम झालं. सिनेमा ठीक होता.

त्यानंतर आई आनंदात दिसायला लागली. हे मी आत्ता लिहिते आहे तेव्हाही मला बोचतं. आई आनंदी बाई नव्हती. म्हणजे दुःखीही नव्हती, पण कायम काहीतरी मोजत असल्यासारखी असायची. नाताळच्या आसपास एका संध्याकाळी ती घरी आली आणि चप्पल काढता काढताच म्हणाली, "सुधीर, अकरा नंबरमध्ये काहीतरी आहे." अकराव्या प्लॉटमधून मागच्या वेळी इतर प्लॉटपेक्षा जास्त झाडं काढली होती. अशा वेळी उरलेल्या झाडांना वारा लागतो, ऊन लागतं, त्यातली बरीच दगावतात. पण इथे एकही झाड दगावलं नव्हतं. सगळी नीट वाढत होती. म्हणजे त्या जमिनीत काहीतरी असेल, किंवा खुणा करणाऱ्याच्या निवडीत. ती कागदावर रेघा काढून बाबांना दाखवत होती आणि बाबा कणीक मळत्या हातांनी ऐकत होते. मी सोफ्यावर होते. तिने दाखवलेली रेघ माझी होती. माझ्या जंगलात कोणी मेलंच नव्हतं, कारण मला तेवढं सुचलंच नव्हतं.

तेव्हाच का नाही बोललीस, असं मला पुढे माझ्याच मुलीने विचारलं. मी तिला सांगितलं की रोज बोलणार होते. आईने तिच्या प्रमुख, प्रोफेसर टॅन, यांना ती रेघ दाखवली. टॅनबाई पन्नाशीच्या, आखूड केसांच्या, कायम धावायचे बूट घालणाऱ्या आणि सहसा कौतुक न करणाऱ्या. त्या म्हणाल्या, यावर पुढच्या दोन वर्षांचा प्रस्ताव लिही. दोन वर्षं म्हणजे आईचा पास, आमचे पास, माझं कॉलेज. बाबांनी दुसऱ्या दिवशी श्रीखंड केलं, दही रात्रभर नळाला टांगून. मला वाटीभर वाढलं आणि मी ते संपवलं. तेव्हाही मी बोलले नाही.

जानेवारीतल्या एका शनिवारी सकाळी आईचा त्या जंगलाच्या माणसाशी व्हिडिओ कॉल होता. हॅरॉल्ड त्यांचं नाव. सत्तरीच्या पुढचे, चौकटीचा जाड शर्ट, मागे लाकडी भिंत आणि त्यांच्या खिडकीबाहेर संध्याकाळचा अंधार. चाळीस वर्षं ते त्या जंगलात मोजणी आणि खुणा करत होते. आई जेवणाच्या टेबलाशी बसली होती, मी समोर पोहे खात होते, बाबा ओट्याशी. हॅरॉल्ड अगदी सावकाश, एकेक शब्द खाली ठेवत बोलायचे, त्यामुळे मला सगळं कळत होतं.

"तुझा आलेख मी बरेच दिवस बघतो आहे, डॉक्टर," ते म्हणाले. "अकरा नंबरची शेवटची मोजणी मीच केली होती. गारा पडत होत्या, बोटं बधिर झाली होती. मला आठवतं त्याप्रमाणे तिथे बरीच बीच मेलेली होती. चांगलं आठवतं, असं वाटत होतं मला. पण माणसाची आठवण काय, काहीही सांगते. माझे कागद आता माझ्याजवळ नाहीत, पण कागद खोटं बोलत नाही. तेव्हा तू म्हणतेस तसंच असणार. सोमवारी मी तिथे खुणा करायला जातो आहे. तुझ्या आकड्यांप्रमाणे या वेळीही हात जरा मोकळा ठेवायला हरकत नाही. जास्त झाडं काढू."

आईने आभार मानले. कॉल संपला. तिने लॅपटॉप अर्धा मिटला आणि बाबांकडे वळून म्हणाली, "ऐकलंस? माझ्या रेघेवरून तिथे खुणा होणार." तिच्या आवाजात जे होतं ते मी त्याआधी कधी ऐकलं नव्हतं.

"आई, नको," मी म्हणाले.

"काय नको?"

"त्यांना सांग, जास्त नको काढू म्हणून. अकरा नंबर मी बघून नाही भरला."

आईला कळेना. "म्हणजे कुणाकडून भरून घेतलास?"

"मीच भरला. पण मनाने. कागद बघितलेच नाहीत. दोन बघितले, ते पुसट होते. मग मी आधीच्या आकड्यांत मिळवून मिळवून..."

बाबांनी गॅस बंद केला. आईने लॅपटॉप पुन्हा उघडला, त्या पानांचे फोटो उघडले आणि एकेक ओळ मोठी करून बघायला लागली. मला वाटलं होतं ती ओरडेल. ती नुसती पुटपुटत वाचत होती. "मृत. मृत, उभं. सोळा पूर्णांक एक. मृत. मृत, पडलेलं. सापडलं नाही. मृत." एकोणीस पानं वाचायला तिला बराच वेळ लागला. तोपर्यंत बाबा आणि मी जागचे हललो नाही आणि पोह्यांवर माझा चमचा तसाच होता. तेवीस झाडं मेली होती.

"कधी केलंस हे?"

"त्या गुरुवारी. सिनेमाला जायचं होतं."

"कुठला सिनेमा?"

तिने हे का विचारलं मला अजून कळलेलं नाही. मी नाव सांगितलं. तिने तोही एक आकडा असल्यासारखी मान हलवली.

"बाकीचे प्लॉट?"

"ते खरे आहेत. शप्पथ, आई."

"तू खरं बोलतेस असं मला वाटतं आहे," ती म्हणाली. "पण नुसतं वाटून काय उपयोग, सानू?"

बाबा टेबलाशी येऊन बसले. ते हळू आवाजात म्हणाले, "वसुधा, जरा थांबूया का? प्रस्ताव पुढच्याच आठवड्यात मंजूर होतोय. एकदा करार वाढला की मग महिन्याभराने दुरुस्ती म्हणून दाखवता येईल. चूक सापडली, सुधारली. असं होतंच की कामात." बाबा लबाड नव्हते. त्यांनी पिंपरीची वीस वर्षं सोडली होती, मुलगी कॉलेजात जायची होती, आणि त्यांच्या डोळ्यांसमोर तीन पास होते. आई त्यांच्यावर चिडली नाही. ती एवढंच म्हणाली, "सोमवारी तो माणूस रंगाचा डबा घेऊन जाणार आहे रे." आईने तिथल्या तिथे हॅरॉल्डना दोन ओळी लिहिल्या: अकरा नंबरला हात लावू नका, आकडे चुकले आहेत, कारण पुढच्या शनिवारी सांगते. मग ती उठून बेडरूममध्ये गेली आणि दार लोटून घेतलं. बाबांनी पोहे पुन्हा गरम केले. कोणी खाल्ले नाहीत.

सोमवारी ती टॅनबाईंना भेटून आली. मी दारातच उभी होते. "माझं नाव घेतलंस?" मी विचारलं. "त्यांनी 'कोणी' असं विचारलंच नाही," आई म्हणाली. "किती पानं, एवढंच विचारलं. मी सांगितलं, चूक माझ्या घरात झाली, काम घरी मी नेलं आणि तपासलं मी नाही." प्रस्ताव मागे घेतला होता. तेराच्या तेरा प्लॉटचे कागद पहिल्यापासून पुन्हा वाचायचे, असं टॅनबाईंनी सांगितलं होतं. त्यांचा आवाज चढला नाही, आणि तेच आईला जास्त लागलं होतं. चहा घेतल्यावर ती मला म्हणाली, "टॅनबाईंना मी सांगितलं, कारण ते माझं काम होतं. हॅरॉल्डना तू सांगायचंस."

तो आठवडा कसा गेला ते मला आठवत नाही. शनिवारची सकाळ मात्र अशी आठवते की त्या टेबलावरच्या प्लास्टिकच्या कव्हरावरची लिंबंसुद्धा मी आता काढून दाखवीन. आई शेजारी बसली होती पण कॅमेऱ्यात नव्हती. मी इंग्रजी वाक्यं पाठ केली होती, ती पहिल्या मिनिटाला विसरले आणि जे झालं ते सरळ सांगितलं. कागद पुसट होते, मला कंटाळा आला होता, मी आकडे रचले, आणि जी मेली होती ती जिवंत ठेवली.

हॅरॉल्डनी विचारलं, "किती मेली होती?"

"तेवीस."

"त्यात बीच किती?"

मी आईकडे पाहिलं. तिने कागदावर लिहून दाखवलं. "अठरा."

त्यांनी चष्मा काढला आणि दोन्ही हातांनी चेहरा चोळला. मग मान मागे वळवून मोठ्याने हाक मारली, "मार्गारेट! इकडे ये. अठरा बीच. मी म्हणत होतो ना तुला?" मागे पांढऱ्या केसांची म्हातारी बाई, त्यांची बायको, येऊन उभी राहिली आणि तिने त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. मला वाटलं आता ते रागावणार.

"तुझ्या आईचा आलेख आला," ते म्हणाले, "तेव्हापासून मी धरून चाललो होतो की माझं डोकं जायला लागलं. माझ्या भावाचं तसंच गेलं. मला ती मेलेली झाडं डोळ्यांसमोर दिसत होती, आणि कागद म्हणत होता, ती जिवंत आहेत. गेल्या शनिवारी तुझ्या आईने आकडे चुकलेत असं कळवलं, पण कुठले आणि कसे ते मला कुठे माहीत होतं? गेले तीन आठवडे मी एकट्याने गाडी चालवत नाही. हिने डॉक्टरांची वेळ घेतली आहे, पुढच्या बुधवारची."

मला झाडांचं वाईट वाटलं होतं, आईचं वाटलं होतं, पासांचं वाटलं होतं. हे मात्र माझ्या मनातही आलं नव्हतं. मी तिथेच रडायला लागले. त्यांनी मला गप्प केलं नाही, 'जाऊ दे' असंही म्हणाले नाहीत. रडून झाल्यावर म्हणाले, "माझं अक्षर वाईट आहे. थंडीत आणखी वाईट होतं. वाचता आलं नाही तर मला विचारायचं. माझा नंबर तुझ्या आईकडे आहे." मग त्यांनी आईला बोलावलं आणि दोघं कामाचं बोलायला लागले. बुधवारच्या डॉक्टरांचं त्यांनी काय केलं हे मी विचारायला धजले नाही.

त्यानंतर दोन महिने आमच्या घरात संध्याकाळी एकच आवाज होता. आई कागद वाचायची, मी टाइप करायचे, आणि बाबा छापलेल्या प्रतीवर पट्टी धरून ओळ न् ओळ ताडून बघायचे. कुकरच्या शिट्ट्यांमध्ये आईचा आवाज चाललेला असायचा. "दोनशे सात, मेपल, अकरा पूर्णांक चार. दोनशे आठ, बर्च, नऊ पूर्णांक शून्य." बाबा 'हं' म्हणायचे. अक्षर अडलं की त्या ओळीचा फोटो हॅरॉल्डना जायचा आणि सकाळपर्यंत उत्तर यायचं, बरेचदा एखाद्या आठवणीसकट. अकरा नंबरची पानं आईने मुद्दाम शेवटी ठेवली होती. ती वाचताना 'मृत' हा शब्द मला तेवीस वेळा टाइप करावा लागला. तिने एकदाही थांबून माझ्याकडे बघितलं नाही, आणि याबद्दल मी तिची ऋणी आहे. इतर प्लॉटमध्येही चुका सापडल्या. नऊ माझ्या, खऱ्याखुऱ्या, नजरचुकीच्या. आणि चार आईच्या, सिंगापूरला आल्यावर पहिल्या वर्षी तिने स्वतः भरलेल्या नोंदींमधल्या. बाबांनी त्या चार ओळींखाली लाल रेघ मारली तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावरचं समाधान लपत नव्हतं. आई आधी वरमली आणि मग बऱ्याच दिवसांनी हसली.

खरे आकडे भरल्यावर अकरा नंबरमध्ये विशेष असं काही उरलं नाही. जास्त झाडं काढली, उरलेल्या बीचना ते सोसलं नाही, आणि त्यांच्या जागी खालची मेपल भराभर वर आली. तिथल्या माणसांना हे आधीपासूनच ठाऊक होतं. आईने फक्त ते किती आणि कसं हे नीट मांडलं. हॅरॉल्डनी त्या हिवाळ्यात अकरा नंबरला एकही खूण केली नाही. आईचा करार जूनमध्ये संपला आणि वाढला नाही. या प्रकारामुळे वाढला नाही असं कोणी म्हणालं नाही. आता मी आईच्या तेव्हाच्या वयापेक्षा बरीच मोठी आहे, अशा निर्णयांच्या टेबलाशी मीही बसले आहे, आणि त्यांना एकच कारण कधी नसतं हे मला माहीत आहे. त्यात आपलं कारण होतंच, हेही माहीत आहे. बाबांनी त्या दिवशी आमटी-भात केला, सगळ्यांना वाढला आणि म्हणाले, "चला, पुण्यात मेथी तरी रोज मिळेल." नंतर ते बराच वेळ खाली कॉफीवाल्याकडे जाऊन बसले होते. आई पुण्याला परत आल्यावर एका कॉलेजात शिकवू लागली. तिचं ते काम छापून यायला आणखी दोन वर्षं लागली.

निघायच्या आठवड्यात घरभर खोकी होती. आई जेवणाच्या टेबलाचा एक कोपरा मोकळा करून शेवटचं काम करत होती. त्या जंगलाच्या नोंदींबरोबर टिपणांची एक फाइल कायम जाते. कुठली चकती बदलली, कुठल्या वर्षी कोणी मोजलं, कुठे काय चुकलं, असं सगळं त्यात लिहितात, म्हणजे पुढे नोंदी उघडणाऱ्याला अंधारात चाचपडावं लागू नये. आईने मला हाक मारली आणि पडद्यावरच्या दोन ओळी दाखवल्या. इंग्रजीत होत्या, पण अर्थ असा: अकरा नंबरचा प्लॉट, शेवटची मोजणी. पहिल्या वेळी आकडे कागद न वाचता भरले होते. ज्या व्यक्तीने भरले तिनेच ते सांगितलं, आणि सर्व तेरा प्लॉट पुन्हा वाचले.

"'व्यक्ती' म्हटलं आहे," आई म्हणाली. "तेवढं पुरतं. पण इथे बाकी सगळ्यांची नावं आहेत, म्हणून तुला विचारते आहे."

बाबा खोक्याला चिकटपट्टी लावत होते. "कशाला उगाच?" ते म्हणाले. "पोरीचं अख्खं आयुष्य पुढे आहे. उद्या कोणी वाचलं तर?"

"कोण वाचेल?" मी आईला विचारलं.

"पुढची मोजणी करणारे. मग त्यांच्या पुढचे. मी नसेन तेव्हाही. तूही नसशील कदाचित."

मी खुर्ची ओढून तिच्या शेजारी बसले आणि त्या दोन ओळी पुन्हा वाचल्या. वरच्या ओळींमध्ये हॅरॉल्डचं नाव होतं, त्यांच्या आधीच्या माणसाचं होतं, त्याच्याही आधीच्या कोणाचं होतं. आईच्या चार चुकांखाली आईचं नाव होतं, तिनेच घातलेलं.

"घाल," मी म्हणाले. "पूर्ण नाव घाल."

आईने 'सानिका' टाइप केलं आणि तिची बोटं थांबली. "मधे बाबांचं नाव लावायचं?"

आम्ही दोघींनी बाबांकडे बघितलं. ते चिकटपट्टी हातात धरून उभे होते. थोडा वेळ त्यांनी खोक्याकडे बघितलं, मग आमच्याकडे.

"लाव," ते आईला म्हणाले. "आणि तुझंही लाव. कागद तिघांनी वाचलेत."